मोबाइलवर उगवणाऱ्या जाहिराती: आधी उगम शोधा, मग बंद करा

फोनचे कुलूप उघडले की पडदाभर जाहिरात, कॉल संपला की जाहिरात, आई पंचांग बघायला बसली तर आधी झटपट कर्जाची जाहिरात. वैतागून बहुतेक जण प्ले स्टोअरवर जातात आणि ‘ॲड ब्लॉकर’ किंवा ‘क्लीनर’ नावाचे काहीतरी उतरवून घेतात. दोन दिवसांत ते नवे ॲपही जाहिराती दाखवायला लागते, आणि आता शोधायला एकाऐवजी दोन चोर होतात. म्हणून सुरुवातीलाच सांगायचे तर, जाहिरात बंद करण्यासाठी फोनमध्ये काही वाढवायचे नसते, बहुतेक वेळा काहीतरी काढायचे असते. काय काढायचे हे जाहिरात कुठून येते त्यावर ठरते. इंदुरात कचरागाडीत टाकण्याआधी ओला-सुका वेगळा करावा लागतो; जाहिरातींच्या बाबतीतही आधी वर्गवारी, मग विल्हेवाट.

तेव्हा पुढची जाहिरात आली की ती लगेच बंद करू नका, दहा सेकंद नीट बघा. वरून खाली ओढायच्या नोटिफिकेशनच्या यादीत क्रोमच्या गोल चिन्हासह ती आली असेल, तर ती एखाद्या वेबसाइटने पाठवलेली आहे. होम स्क्रीनवर किंवा दुसरेच ॲप चालू असताना अचानक पडदा व्यापला, तर फोनमधले एखादे ॲप ते करते आहे. कॉल ठेवल्यावरच येत असेल तर संशय फोनची परवानगी घेतलेल्या ॲपवर. चिन्ह नाही, चित्र नाही, नुसता पांढरा चौकोन आणि खाली ‘ओके’ व ‘कॅन्सल’ असेल, तर ते सिमकार्डचे काम. आणि फाइल मॅनेजर, थीम, लॉक स्क्रीन अशा कंपनीच्याच भागांत दिसत असेल, तर फोन बनवणाऱ्या कंपनीने ती घालून दिलेली आहे.

आपल्याकडे बऱ्याच घरांत फोनची भाषा हिंदी किंवा इंग्रजी असते. खालचे रस्ते अँड्रॉइड फोनचे आहेत (आयफोनचे शेवटाकडे), आणि मेनूची नावे इंग्रजी उच्चारानेच दिली आहेत. कंपनीनुसार जागा बदलते, म्हणून रस्ता सापडला नाही तर सेटिंग्स उघडून सगळ्यात वरच्या शोधपट्टीत, भिंगाच्या चिन्हाशेजारी, तो शब्द टाका. फोन हिंदीत असेल तर हिंदीत टाका. मेनू पाठ करण्यापेक्षा हे सोपे.

क्रोमच्या नावाने येणारा पाऊस

सगळ्यात जास्त आढळणारा आणि सगळ्यात लवकर बरा होणारा हा प्रकार. ‘तुमच्या फोनमध्ये ५ व्हायरस’, ‘तुमचे पार्सल अडकले आहे’, ‘तुमचे खाते बंद होणार’ असल्या नोटिफिकेशन्स दिवसभर येत राहतात. फोनमध्ये व्हायरस नसतो. कधीतरी एखाद्या पानावर ‘अलाऊ’ दाबले गेलेले असते, एवढेच.

ते कसे दाबले जाते हेही बघून ठेवा. दहावी-बारावीचा निकाल लागायच्या दिवशी, मध्य प्रदेशच्या ‘लाडली बहना’ योजनेचा हप्ता आला का ते बघताना, समग्र आयडीची (कुटुंबाच्या सरकारी नोंदणी क्रमांकाची) केवायसी करताना लोक गूगलवर शोधतात आणि वर दिसेल त्या पानावर जातात. सरकारी पानासारखे दिसणारे खासगी पान उघडते. मध्ये चौकोन येतो: ‘तुम्ही रोबोट नाही हे दाखवण्यासाठी अलाऊ दाबा.’ ही सरळसरळ फसवणूक आहे. खऱ्या कॅप्चामध्ये, म्हणजे रोबोट नसल्याच्या तपासणीत, चित्रे निवडायची असतात किंवा खूण करायची असते, तिला नोटिफिकेशनची परवानगी कधीच लागत नाही. मध्य प्रदेश सरकारच्या योजनांची आणि निकालांची खरी पाने ‘जीओव्ही डॉट इन’ किंवा ‘एनआयसी डॉट इन’ने संपतात. पत्त्याच्या पट्टीत शेवटचे हे शब्द बघायची सवय घरातल्या सगळ्यांना लावा.

आता बंद करायचे कसे. क्रोम उघडा, वर उजवीकडचे तीन टिंब, सेटिंग्स, साइट सेटिंग्स, नोटिफिकेशन्स. इथे ‘अलाऊड’ या मथळ्याखाली साइटची यादी दिसेल. ओळखीचे वर्तमानपत्र किंवा ईमेल सोडून बाकी प्रत्येक नावावर बोट ठेवून परवानगी काढा. यादी लांब असेल आणि एकेक बघायचा कंटाळा असेल, तर फोनच्या सेटिंग्समध्ये ‘ॲप्स’, मग ‘क्रोम’, मग ‘नोटिफिकेशन्स’ इथला मुख्य खटकाच बंद करा, म्हणजे कुठल्याही साइटची नोटिफिकेशन येणारच नाही. वयस्कर माणसांच्या फोनमध्ये आम्ही हेच सुचवतो. क्रोमवरून नोटिफिकेशन न आल्याने त्यांचे काहीही अडत नाही. व्हॉट्सॲप, बँक, दूध-भाजीची ॲप्स यांचा क्रोमच्या या खटक्याशी संबंध नाही.

त्याच साइट सेटिंग्समध्ये आणखी दोन ओळी बघून घ्या. ‘पॉप-अप्स अँड रीडायरेक्ट्स’ बंद हवे आणि ‘इंट्रुसिव्ह ॲड्स’ बंद हवे. नव्या फोनमध्ये दोन्ही मुळातच बंद असतात. चालू दिसले तर कुणीतरी कधीतरी चालू केले आहे. ‘इंट्रुसिव्ह ॲड्स’चा खटका म्हणजे सगळ्या जाहिरातींवर बंदी नव्हे. सतत त्रासदायक जाहिराती दाखवणाऱ्या साइटवरच क्रोम त्या अडवतो. ही व्यवस्था क्रोमने २०१८ मध्ये आणली आणि २०१९ मध्ये जगभर लागू केली.

कधी कधी एखादे पान अडकून बसते. मागे जाण्याचे बटण दाबले तरी तेच पान, क्रोम बंद करून उघडला तरी तेच. अशा वेळी फोन फ्लाइट मोडवर टाका, क्रोम उघडा, पान लोड होणार नाही, मग टॅबचा चौकोन दाबून तो टॅब बंद करा आणि नंतरच फ्लाइट मोड काढा. पानावरच्या कुठल्याही बटणाला हात लावायचा नाही. ‘क्लोज’ लिहिलेले बटणही अनेकदा चित्राचाच भाग असते आणि ते दाबणे म्हणजे जाहिरात दाबणे.

ब्राउझरच बदलायची तयारी असेल तर फायरफॉक्समध्ये यूब्लॉक ओरिजिन हे जाहिराती अडवणारे एक्स्टेन्शन (ब्राउझरला जोडायचा छोटा प्रोग्राम) घालता येते, ब्रेव्हमध्ये अडवणूक आधीपासूनच असते. अँड्रॉइडवरच्या क्रोममध्ये एक्स्टेन्शन चालत नाहीत, म्हणून ‘क्रोमसाठी ॲड ब्लॉकर’ म्हणून जे ॲप दाखवले जाते त्याच्या वाटेला जाऊ नका.

एक खूण मात्र ध्यानात ठेवा. तुम्ही काही न करता क्रोम आपोआप उघडतो आणि जाहिरातीचे पान दाखवतो, असे असेल तर दोष क्रोमचा नाही. दुसरे ॲप त्याला उघडायला लावते आहे. त्याला पकडायचा रस्ता पुढे आहे.

पडदाभर येणारी जाहिरात: दोषी ॲप पकडणे

इथे खरी मेहनत असते. असे ॲप स्वतः चालू असताना सज्जन वागते आणि तुम्ही दुसरे काही करत असताना जाहिरात फेकते, म्हणजे नाव दुसऱ्याचे खराब व्हावे. ‘गूगल पे उघडले की जाहिरात येते’ अशी तक्रार असते तेव्हा दोषी बहुधा टॉर्च, क्यूआर स्कॅनर, पीडीएफ रीडर, वॉलपेपर, बॅटरी सेव्हर, व्हिडिओ डाउनलोडर किंवा लग्नाचा बायोडाटा बनवणारे एखादे ॲप निघते. यातली निम्मी कामे फोनमध्ये आधीच असतात: टॉर्च वरच्या पट्टीत, क्यूआर कॅमेऱ्यात, पीडीएफ गूगल ड्राइव्हमध्ये. ती ॲप्स काढून टाकली तर काहीच कमी पडत नाही.

पहिला उपाय रंगेहाथ पकडण्याचा. जाहिरात पडद्यावर असतानाच अलीकडच्या ॲप्सचे बटण दाबा. तीन बटणांच्या फोनमध्ये तो चौकोन किंवा तीन उभ्या रेघा असतात, बटणे नसलेल्या फोनमध्ये खालून वर ओढून बोट क्षणभर थांबवायचे. जाहिरातीचे कार्ड दिसेल आणि त्याच्या वर एका ॲपचे छोटे चिन्ह. त्या चिन्हावर दाबून ‘ॲप इन्फो’ उघडा आणि ‘अनइन्स्टॉल’ करा. चिन्ह पांढरे किंवा कोरे असेल आणि नावाच्या जागी काहीच नसेल, तर चोर तोच. प्रामाणिक ॲप चिन्ह लपवत नाही.

कार्ड दिसलेच नाही, तर परवानग्यांकडून जा. सेटिंग्समध्ये ‘डिस्प्ले ओव्हर अदर ॲप्स’ शोधा. सॅमसंगमध्ये याचे नाव ‘अपिअर ऑन टॉप’, हिंदी मेनूत ‘के ऊपर’ असे शब्द असलेली ओळ. दुसऱ्या ॲपवर चढून बसण्याची ही परवानगी. अँड्रॉइड १० पासून मागे दडलेल्या ॲपला आपणहून पडद्यावर यायला बंधन आहे, पण ही परवानगी असेल तर ते बंधन सुटते. म्हणून हिची एवढी हाव. यादीत कुणाकुणासमोर ‘अलाऊड’ आहे ते बघा. कॉल करणाऱ्याचे नाव दाखवणारे ॲप, स्क्रीन रेकॉर्डर, टॅक्सी किंवा डिलिव्हरी करणाऱ्यांचे कामाचे ॲप यांना ती खरोखर लागते. वॉलपेपरला, कॅल्क्युलेटरला, कीबोर्डच्या थीमला लागत नाही. अशांची परवानगी काढा आणि एक दिवस बघा.

शाओमी, रेडमी आणि पोकोच्या फोनमध्ये एवढ्याने भागत नाही. तिथे प्रत्येक ॲपच्या ‘ॲप इन्फो’त ‘अदर परमिशन्स’ नावाची वेगळी खोली आहे. तीत ‘डिस्प्ले पॉप-अप विंडोज व्हाइल रनिंग इन द बॅकग्राउंड’ आणि ‘शो ऑन लॉक स्क्रीन’ या दोन ओळी असतात. वरची परवानगी काढूनही जाहिरात येत राहिली तर बहुतेक वेळा कारण इथेच सापडते.

तिसरा पुरावा वेळेचा. सेटिंग्समधल्या ‘डिजिटल वेलबीइंग’मध्ये डॅशबोर्ड उघडा आणि ‘टाइम्स ओपन्ड’ निवडा. तुम्ही आज एकदाही न उघडलेले ॲप तिथे वीस-पंचवीस वेळा उघडलेले दिसले, तर दुसरा पुरावा नको.

‘पण हे ॲप तर तीन वर्षांपासून आहे, कधी त्रास दिला नाही,’ हे बोलणे हमखास ऐकू येते. जुने असणे म्हणजे निर्दोष असणे नव्हे. बारकोड स्कॅनर नावाचे एक ॲप १ कोटीहून जास्त वेळा उतरवले गेले होते आणि अनेकांच्या फोनमध्ये वर्षानुवर्षे सुखाने होते. डिसेंबर २०२० मध्ये त्याचे एक अपडेट आले आणि त्यानंतर ब्राउझर आपोआप उघडून जाहिराती दाखवू लागला. फेब्रुवारी २०२१ मध्ये मालवेअरबाइट्स या सुरक्षा कंपनीने ते उघडकीला आणले आणि गूगलने ॲप स्टोअरमधून काढले. स्टोअरमधून काढले तरी लोकांच्या फोनमधून ते आपोआप गेले नाही, ज्याचे त्यालाच काढावे लागले. म्हणून त्रास कधी सुरू झाला ते आठवा, आणि प्ले स्टोअरमध्ये आपल्या फोटोवर दाबून ‘मॅनेज ॲप्स अँड डिव्हाइस’, मग ‘मॅनेज’ इथे जाऊन यादी अलीकडच्या अपडेटप्रमाणे लावून बघा. त्या सुमारास काय अपडेट झाले ते कळते.

एवढे करूनही सापडत नसेल तर सेफ मोड. पॉवर बटण धरा, ‘पॉवर ऑफ’ दिसले की त्यावर बोट दाबून ठेवा, सेफ मोडबद्दल विचारेल, हो म्हणा. शाओमीत हे चालले नाही तर फोन बंद करून चालू करा आणि कंपनीचे नाव दिसताच आवाज कमी करण्याचे बटण धरून ठेवा. पडद्याच्या कोपऱ्यात ‘सेफ मोड’ असे लिहिलेले दिसते. या अवस्थेत तुम्ही उतरवलेली सगळी ॲप्स झोपलेली असतात. एरवी दर दहा मिनिटांनी जाहिरात येत असेल तर अर्धा तास वाट बघा. जाहिरात थांबली, तर दोषी तुम्ही उतरवलेल्यांपैकीच आहे. सेफ मोडमध्येच राहून संशयित ॲप्स काढा, मग फोन रीस्टार्ट करा. होम स्क्रीनवरचे घड्याळ, हवामान असे विजेट या खटाटोपात निघून जाऊ शकतात, ते पुन्हा लावावे लागतात. सेफ मोडमध्येही जाहिरात आली, तर ती कंपनीच्या भागातून किंवा सिममधून येते आहे.

‘अनइन्स्टॉल’ राखाडी दिसते, दाबले जात नाही

याचे कारण त्या ॲपने डिव्हाइस ॲडमिनचा, म्हणजे फोनवर खास ताबा ठेवण्याचा, अधिकार घेतलेला असतो. सेटिंग्समध्ये ‘डिव्हाइस ॲडमिन ॲप्स’ शोधा, त्या ॲपसमोरची खूण काढा, ‘डीॲक्टिव्हेट’ करा, मग अनइन्स्टॉल होईल. गूगलचे ‘फाइंड हब’, म्हणजे पूर्वीचे ‘फाइंड माय डिव्हाइस’, इथे असते. ते राहू द्या, फोन हरवला तर तेच कामी येते. तशीच ‘ॲक्सेसिबिलिटी’मध्ये उतरवलेल्या ॲप्सची यादी बघा. ही परवानगी असलेले ॲप पडद्यावरचे सगळे वाचू शकते आणि तुमच्या वतीने बटणेही दाबू शकते. कुठल्याही टॉर्चला किंवा क्लीनरला ती देऊ नये.

फोन हप्त्यावर घेतला असेल तर फायनान्सवाल्यांचे लॉक ॲप निघत नाही आणि काढायचा प्रयत्नही करू नका. हप्ते संपल्यावर त्यांच्याकडूनच काढून घ्यावे.

कॉल संपल्यावर येणारा पडदा

कॉल ठेवला की लगेच एक चौकट येते: कोणाचा कॉल, किती मिनिटे, आणि खाली मोठी जाहिरात. हवामान, कॅलेंडर, कॉल रेकॉर्डर अशा अनेक फुकट ॲप्सच्या पोटात ही सोय घातलेली असते आणि सुरुवातीला ‘कंटिन्यू’, ‘ॲग्री’ दाबताना तुमची संमती घेतलेली असते. चौकटीच्या कोपऱ्यात बहुधा त्या ॲपचे नाव किंवा दातेरी चक्र असते. चक्रातून ती बंद करता येते. त्यापेक्षा पक्का उपाय म्हणजे सेटिंग्समध्ये ‘परमिशन मॅनेजर’ उघडून ‘फोन’ आणि ‘कॉल लॉग्स’ या दोन्ही परवानग्या कुणाकडे आहेत ते बघणे. हवामानाच्या ॲपला तुमच्या कॉलशी काय करायचे आहे?

कंपनीनेच घातलेल्या जाहिराती

स्वस्त फोनच्या किमतीचा काही भाग कंपनी अशी वसूल करते. त्या पूर्ण जात नाहीत, पण बऱ्याच आटोक्यात येतात.

शाओमी, रेडमी, पोकोमध्ये मूळ आहे ‘एमएसए’ नावाची सेवा. सेटिंग्सच्या शोधपट्टीत ‘ऑथोरायझेशन अँड रिव्होकेशन’ टाका, यादीत ‘एमएसए’समोरचा खटका बंद करा. दहा सेकंदांची उलटी गिनती होते, ती संपेपर्यंत थांबून ‘रिव्होक’ दाबा. नेट चालू हवे. ‘जमले नाही’ असा संदेश अनेकदा येतो. घाबरू नका, पुन्हा करा, तीन-चार प्रयत्नांत होते. नंतर ‘ॲड सर्व्हिसेस’ शोधून वैयक्तिक जाहिरातींचा खटका बंद करा. फाइल मॅनेजर, थीम्स, सिक्युरिटी, डाउनलोड्स या प्रत्येकाच्या स्वतःच्या सेटिंग्समध्ये ‘रेकमेंडेशन्स’चा वेगळा खटका असतो, तो एकेक करून बंद करावा लागतो. काम कंटाळवाणे आहे, पण एकदाच करायचे आहे.

रिअलमी आणि ओप्पोत ‘गेट रेकमेंडेशन्स’ शोधून बंद करा. व्हिवोत आणि इतरही काही फोनमध्ये होम स्क्रीनवर ‘हॉट ॲप्स’, ‘हॉट गेम्स’ नावाचे फोल्डर असतात. त्यांतली चिन्हे उतरवलेली ॲप्स नसून जाहिराती असतात, चुकून बोट लागले की उतरायला लागतात. फोल्डरच्या सेटिंगमधून बंद होतात. सॅमसंगमध्ये ‘कस्टमायझेशन सर्व्हिस’ बंद करा आणि गॅलेक्सी स्टोअरच्या नोटिफिकेशन्स थांबवा. लॉक स्क्रीनवर रोज नवे चित्र आणि खाली बातमी-जाहिरात येत असेल तर ते ‘ग्लान्स’ किंवा ‘वॉलपेपर कॅरोसेल’ आहे, लॉक स्क्रीनच्या सेटिंगमध्ये जाऊन बंद होते.

गूगलच्या सेटिंग्समध्ये ‘ॲड्स’खाली ‘डिलीट ॲडव्हर्टायझिंग आयडी’ अशी ओळ असते. ती जरूर दाबा, पण अपेक्षा बेताची ठेवा. जाहिराती तेवढ्याच येतील, फक्त तुमच्या मागावरच्या असणार नाहीत.

सिमचे पांढरे चौकोन

‘आजचे राशिभविष्य, ३० रुपये, ओके दाबा’ असल्या चौकोनाकडे दुर्लक्ष केले तर चालत नाही, कारण घाईत ‘ओके’ लागले की पैसे कटू शकतात. फोनमध्ये ‘सिम टूलकिट’ नावाचे ॲप असते, कधी त्याला सिम कंपनीचेच नाव असते. एअरटेलमध्ये ‘एअरटेल नाऊ’, मग ‘स्टार्ट-स्टॉप’, मग ‘स्टॉप’. व्ही-आयमध्ये ‘फ्लॅश’, मग ‘ॲक्टिव्हेशन’, मग ‘डीॲक्टिव्हेट’. बीएसएनएलमध्ये ‘बझ’ नावाखाली तसेच. दोन सिम असतील तर दोन्हींचे करा. एखादी सेवा आधीच सुरू झाली असेल तर १५५२२३ या क्रमांकावर इंग्रजीत ‘स्टॉप’ असा एसएमएस पाठवा. जाहिरातीचे कॉल आणि एसएमएस थांबवण्यासाठी १९०९ हा क्रमांक आहे. त्याने ॲपच्या जाहिराती थांबत नाहीत, एवढे समजून ते करा.

प्रायव्हेट डीएनएस

डीएनएस म्हणजे साइटच्या नावावरून तिच्या सर्व्हरचा पत्ता सांगणारी सेवा; जाहिरातींचे पत्ते न सांगणारी अशी सेवा फोनला लावता येते. वरची सफाई झाल्यावरच हा उपाय करावा, आधी केला तर दोषी ॲप झाकले जाते आणि फोनमध्ये तसेच राहते. अँड्रॉइड ९ किंवा पुढचा फोन हवा. सेटिंग्समध्ये ‘प्रायव्हेट डीएनएस’ शोधा, ‘होस्टनेम’ असलेला पर्याय निवडा आणि इंग्रजी छोट्या अक्षरांत लिहा: डीएनएस, टिंब, ॲडगार्ड, आडवी रेघ, डीएनएस, टिंब, कॉम. मध्ये जागा सोडायची नाही, सुरुवातीला एचटीटीपी वगैरे काही नको. सेव्ह करा. आता ॲप जाहिरातीच्या सर्व्हरचा पत्ता विचारते तेव्हा त्याला पत्ता मिळतच नाही. वेगळे ॲप लागत नाही, बॅटरी खात नाही.

याच्या मर्यादा आधीच समजून घ्या. यूट्यूब, फेसबुक, इन्स्टाग्राममधल्या जाहिराती थांबणार नाहीत, कारण त्या मूळ मजकुराच्याच सर्व्हरवरून येतात. त्यांच्यासाठी ‘मॉड’ केलेली, म्हणजे कुणीतरी फेरफार केलेली, ॲप्स उतरवू नका, खाते हातचे जाते. स्टेशनवर, हॉस्पिटलात, हॉटेलात फुकट वायफायचे लॉगिनचे पान उघडत नसेल, तर तेवढ्यापुरते प्रायव्हेट डीएनएस ‘ऑफ’ करा. एखादे बँकेचे किंवा खरेदीचे ॲप अडले तर ‘ऑटोमॅटिक’ करून बघा. नेट अचानक पूर्ण बंद पडले आणि ‘प्रायव्हेट डीएनएस सर्व्हर कॅनॉट बी ॲक्सेस्ड’ असे दिसले, तर बहुधा लिहिताना एखादे अक्षर चुकलेले असते. आणि तुमचा फोन कुठकुठल्या साइटचा पत्ता विचारतो ही माहिती आता ॲडगार्ड या सेवेकडे जाते; हे मान्य असेल तरच वापरा.

जाहिरातीच्या पलीकडचा धोका

लग्नसराईत व्हॉट्सॲपवर ‘शादी का कार्ड’ म्हणून फाइल येते, चालानच्या नावाने येते, वीजबिलाच्या नावाने येते. नावाच्या शेवटी ‘डॉट एपीके’ असेल तर ते कार्डही नाही आणि बिलही नाही, ते ॲप आहे. पत्रिका पीडीएफ किंवा फोटोच असते, मग ती पाठवणारी मावशी असो की शेजारचे काका. त्यांचाही फोन आधी फसलेला असू शकतो. सेटिंग्समध्ये ‘इन्स्टॉल अननोन ॲप्स’ शोधून व्हॉट्सॲप, क्रोम, फाइल मॅनेजर या सगळ्यांसमोर ‘नॉट अलाऊड’ करून ठेवा. सॅमसंगमध्ये ‘ऑटो ब्लॉकर’ चालू केला की हेच काम होते.

अशी फाइल उघडून ॲप बसलेच असेल, तर ही नुसती जाहिरातीची बाब राहत नाही. असे ॲप एसएमएस वाचून ओटीपी पळवते. ताबडतोब फ्लाइट मोड, वायफायही बंद. दुसऱ्या फोनवरून बँकेला सांगून खाते आणि कार्ड थांबवा. पैसे गेले असतील तर सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर, १९३० वर, लगेच कॉल करा, जितका उशीर तितके पैसे पुढे सरकतात. फोनमधली सफाई त्यानंतर.

मुले पुण्यात किंवा बेंगळुरूला आणि आई-बाबा इंदुरात, असे असेल तर व्हॉट्सॲप व्हिडिओ कॉलमध्ये स्क्रीन शेअरची सोय आहे, तिने वरचे बरेचसे काम लांबून करून घेता येते. बाबांना सांगा: ‘मी सांगेन तिथेच दाबा, बँकेचे ॲप आत्ता उघडू नका.’ कॉल घरच्या माणसाचाच हवा. ‘कस्टमर केअर’ म्हणून फोन करणाऱ्या कुणालाही पडदा दाखवायचा नाही.

तक्रार

प्ले स्टोअरवर त्या ॲपचे पान उघडून तीन टिंबांतून ‘फ्लॅग ॲज इनॲप्रोप्रिएट’ करा. १५ सेकंदांनंतरही बंद करता न येणारी पडदाभर जाहिरात गूगलच्या नियमात बसत नाही. बक्षिसासाठी तुम्ही स्वतः बघायला घेतलेली वेगळी. ॲपबाहेर येऊन त्रास देणाऱ्या जाहिरातींपायी गूगलने फेब्रुवारी २०२० मध्ये एका झटक्यात सुमारे ६०० ॲप्स काढली होती, तेव्हा तक्रार वाया जाते असे नाही. भारतात नोव्हेंबर २०२३ पासून डार्क पॅटर्नविरुद्ध (ग्राहकाला चकवून हवे ते करून घेण्याच्या युक्त्यांविरुद्ध) मार्गदर्शक तत्त्वे लागू आहेत. त्यांतल्या १३ प्रकारांत वारंवार सतावणे आणि छुप्या जाहिराती दोन्ही येतात. तक्रार राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर, १९१५.

आयफोनमध्ये एक ॲप दुसऱ्यावर चढत नाही, त्यामुळे हा बहुतेक त्रास तिथे नाही. ‘व्हायरस सापडला’ असे संदेश कॅलेंडरमधून येत असतील तर कॅलेंडर ॲपमध्ये खाली ‘कॅलेंडर्स’ दाबा, अनोळखी नावासमोरचा ‘आय’ दाबून ते काढून टाका. सफारीच्या सेटिंगमध्ये ‘ब्लॉक पॉप-अप्स’ चालू ठेवा.

शेवटचा उपाय: फॅक्टरी रीसेट

सगळे करून थकलात तर इंदुरातल्या जेल रोडच्या मोबाइल दुकानात ‘सॉफ्टवेअर मारून’ घेण्याआधी हे वाचा. बहुतेक वेळा तिथेही रीसेटच होतो, म्हणजे सगळे पुसून फोन नव्यासारखा केला जातो; तो घरी फुकट होतो. दुकानात द्यायचाच असेल तर सिम आणि मेमरी कार्ड काढून घ्या, यूपीआयचा पिन कुणालाही सांगू नका. सॅमसंगमध्ये ‘मेंटेनन्स मोड’ लावून दिला की तुमचे फोटो-मेसेज दुकानदाराला दिसत नाहीत.

घरी करताना आधी फोटोंची प्रत काढा, व्हॉट्सॲपमध्ये ‘चॅट बॅकअप’ घ्या आणि गूगल खात्याचा पासवर्ड दुसऱ्या उपकरणावर टाकून खरा आहे ना ते बघा, कारण रीसेटनंतर फोन तोच मागतो आणि आठवला नाही तर पुढे जाऊ देत नाही. सिममध्ये एसएमएस जाईल एवढा रिचार्ज हवा, यूपीआय पुन्हा सुरू करताना फोनमधून एसएमएस जातो. मग सेटिंग्समध्ये ‘इरेज ऑल डेटा’ शोधा. फोन नव्याने सुरू झाल्यावर गूगल विचारेल, जुनी ॲप्स परत आणायची का. इथे सगळ्यांना ‘हो’ म्हटले तर दोषी ॲपही सगळ्यांबरोबर परत येते. यादी उघडा, सगळ्या खुणा काढा, आणि व्हॉट्सॲप, बँक, रोजच्या गरजेची चार-सहा नावे तेवढी निवडा. बाकीची लागतील तशी, एकेक करून, दोन दिवसांच्या अंतराने उतरवा. जाहिरात पुन्हा आली तर शेवटी काय उतरवले होते ते लगेच कळेल.